समोरच्या पक्षाचा चहा

धामणे मॅडम वकीलपत्रावर सही करण्याआधी समोरच्या पक्षाच्या घरी जाऊन चहा पीत. ही त्यांची अट होती आणि ती त्या पहिल्याच भेटीत सांगून टाकत. ऐकून पक्षकाराचा चेहरा पडायचा. ज्या शेजाऱ्याच्या नावाने आपण वर्षानुवर्षं बोटं मोडली, त्याच्याच सोफ्यावर आपली वकिलीणबाई बसणार, वर त्याची बिस्किटं खाणार, हे कोणाला पचणार?

"मॅडम, त्याच्याकडं कशाला जाता? तो काय बी सांगंल."

"तेच ऐकायचंय. तुमचं तर ऐकून झालं."

"पण असं चालतं का कायद्यात?"

"सही झाल्यावर नाही चालत. म्हणून आधी जाते. आत्ता मी कोणाचीच वकील नाही. आत्ता मी नुसती आगाऊ बाई आहे."

नाशकात बांधकाम परवानगीचे आणि झोनचे खटले चालवणारे वकील पुष्कळ आहेत. शहर मळ्यांवर पसरत गेलं तशी भांडणंही पसरली. काल जिथे कोथिंबीर होती तिथे आज पार्किंग, आणि उद्या त्या पार्किंगवरून खटला. मी आर्किटेक्ट. मंजूर काय होतं आणि बांधलं काय, हे नकाशावर दाखवून द्यायचं माझं काम. त्या निमित्ताने मी बरीच वर्षं मॅडमच्या मागेमागे फिरलो आणि बराच चहा प्यायलो. माझी साखर वाढली ती त्या बाईंमुळे, असं माझी बायको अजून म्हणते.

आता मॅडम नाहीत. पण एखादा पक्षकार ऑफिसात येऊन शेजाऱ्याबद्दल तावातावाने बोलायला लागला की मला हटकून त्यांची आठवण येते, आणि त्यांच्या घराच्या पडवीचीही. कारण एकदा अशी वेळ आली की समोरचा पक्ष म्हणजे खुद्द धामणे मॅडमच होत्या, आणि पाडायची होती ती त्यांच्या नवऱ्याची शेवटची खोली.

मॅडम ठेंगण्या होत्या. सुती साडी, वर काळा कोट आणि पायात बारा महिने कॅनव्हासचे बूट. प्लॉटवर काट्याकुट्यांतून फिरायचं तर चपला कशा चालतील, असं त्यांचं म्हणणं. कोर्टातले ज्युनियर त्या बुटांना हसत, त्याची त्यांना फिकीर नव्हती. समोरचा बोलायला लागला की त्या मान एका बाजूला कलती करून त्याच्याकडे बघत राहायच्या, कोंबडी दाणा बघते तशा. आणि त्याचं सगळं बोलून झालं की विचारायच्या, "हे झालं कागदावरचं. आता खरं भांडण कशावरून आहे ते सांगा." हातभर जागेसाठी कोणी कोर्टाची पायरी चढत नाही, असं त्यांचं ठाम मत होतं. जागेच्या आडून माणसं भलतंच काहीतरी मागत असतात, म्हणायच्या.

त्यांची दुसरी सवय म्हणजे "लेखी द्या." हे त्या सगळ्यांना म्हणत. मी "उद्या नकाशा पोचवतो" म्हटलं तरी लेखी द्या. मेथीवाली "उद्या ताजी आणते ताई" म्हणाली तरी लेखी द्या. मेथीवाली हसायची. वकिलीत इतकी वर्षं काढल्यावर ते दोन शब्द त्यांच्या तोंडातून आपोआप निघत, आपण खोकतो तसे.

त्यांच्याबरोबर मी पहिल्यांदा गेलो तो मखमलाबादला. आमच्या पक्षकाराच्या चुलतभावाने घराबाहेरून जिना काढला होता, तोही नेमका मार्जिनमध्ये. घर आणि कुंपण यांच्यामध्ये जी मोकळी पट्टी सोडावी लागते तिला नियमांच्या भाषेत सामासिक अंतर म्हणतात, पण नाशकात लहानथोर सगळे मार्जिनच म्हणतात. जिना उघडउघड बेकायदा होता. मला त्यात बघण्यासारखं काही वाटेना. मॅडम मात्र चुलतभावाच्या घरात जाऊन बसल्या, चहा मागून घेतला, घरातल्या सुनेला शेजारी बसवलं आणि गुलाबाला यंदा भाव कसा आहे इथपासून सुरुवात केली. मग बाहेर येऊन जिन्याकडे टक लावून उभ्या राहिल्या.

"आर्किटेक्ट, हा जिना कुठे बघतोय?"

मी पाहिलं. जिना वर गच्चीवर जात होता, पण त्याचा रोख खाली दोन्ही घरांच्या सामाईक विहिरीकडे होता. विहिरीकडे जायची जुनी वाट आमच्या पक्षकाराने फाटक लावून बंद केली होती. हे त्याने आम्हाला सांगितलं नव्हतं. चुलतभावाने मग रागाने जिना काढला, वर उभं राहून रोज त्या फाटकाकडे बघता यावं म्हणून.

मॅडमनी पक्षकाराला बाजूला घेतलं. "जिना बेकायदा आहे, तो मी काढायला लावीन. पण आधी तुम्ही विहिरीची वाट उघडा. नाहीतर जिना गेल्यावर तो पत्र्याचं शेड टाकेल. शेड पाडलंत तर कुत्रा आणून बांधेल. आणि कुत्र्याला परवानगी लागत नाही."

वाट उघडली, जिना गेला. पण जिना तसाच राहू दे, आता आमचं मिटलं, असं दोघे भाऊ म्हणाले तेव्हा मॅडमनी साफ नकार दिला. मिटलं म्हणून नियम मोडलेला चालतो हे त्यांना मान्य नव्हतं. "मार्जिनमधली जमीन तुमची आहे," त्या म्हणाल्या, "पण तिच्यातली हवा शेजाऱ्याची. उद्या तुम्ही घर विकाल, शेजारी बदलेल. त्याने काय करायचं?"

मोजमापाचीही त्यांची एक रीत होती. टेप आणायची मी, पण धरायची दोन टोकं दोन पक्षांनी. एक टोक तक्रार करणाऱ्याच्या हातात, दुसरं ज्याच्याविरुद्ध तक्रार त्याच्या हातात. मी मधे फक्त वाचायला. सिडकोत दोन निवृत्त गृहस्थ होते, भिंतीला भिंत लागून घरं, पण एकमेकांशी बोलणं कित्येक वर्षं बंद. त्यांना टेप धरायला लावली तेव्हा दोघेही आभाळाकडे बघत उभे. शेवटी एकाला राहवेना. "अहो, ढिली सोडू नका!" तो ओरडला. दुसरा म्हणाला, "ढिली कुठंय, तुम्हीच ओढताय!" मॅडमनी माझ्याकडे बघून डोळे मिचकावले. त्या दोघांचा खटला पुढे चाललाच, पण तारखेला दोघे एकाच रिक्षाने यायला लागले.

सगळ्यांशी त्या अशा गोड होत्या असं मात्र नाही. गंगापूर रोडकडच्या एका बिल्डरला नदीकाठच्या प्लॉटवर इमारत उभी करायची होती आणि पूररेषा आडवी येत होती. रेषा थोडीशी सरकवून घेता येईल का, यासाठी तो मॅडमकडे आला. मॅडम म्हणाल्या, "समोरचा पक्ष कोण?"

"कोणी नाही हो. नदी आहे फक्त."

"मग तिच्याकडे चहा प्यायचा राहिलाय माझा."

तो हसला. त्याला ती गंमत वाटली. पण त्या पावसाळ्यात धरणातून पाणी सोडलं आणि गोदावरी चढली, त्या दिवशी मॅडमनी त्याला फोन करून रामकुंडावर बोलावून घेतलं. आम्ही तिघे वरच्या अंगाला एका टपरीवर उभे होतो. नदीच्या पात्रात उभ्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या छातीपर्यंत पाणी आलं होतं. नाशकात पुराचं माप तेच. पाणी मारुतीच्या गळ्याला लागलं की भांडीबाजारातले लोक दुकानातला माल वर चढवतात. मॅडमनी चहाचा कागदी कप त्याच्या हातात दिला आणि पाण्याकडे बोट दाखवलं. "ऐका. समोरच्या पक्षाचं म्हणणं चालू आहे."

तो बिल्डर मग दुसऱ्या वकिलाकडे गेला. मॅडमना त्याचं काही वाटलं नाही, पण टपरीवाल्याचा चहा पुचाट होता ही तक्रार त्या पुढे अनेक दिवस करत होत्या.

मॅडमचं स्वतःचं घर इंदिरानगरच्या एका आतल्या गल्लीत होतं. बैठा बंगला, पुढे सोनचाफा. त्यांचे यजमान भूगोलाचे शिक्षक. गल्लीत सगळे त्यांना सर म्हणत. सरांना अर्धांगवायूचा झटका आला आणि डॉक्टरांनी सांगितलं की यांना खोलीत कोंडू नका, हवा हवी. तेव्हा मॅडमनी बाजूच्या मार्जिनमध्ये पाइप रोवले, वर पत्रा टाकला आणि सरांचा पलंग तिथे आणला. मंजुरी वगैरे काही नाही. मी बघायला गेलो तेव्हा मला न विचारताच म्हणाल्या, "तात्पुरतं आहे."

मला हसू आलं. नाशकातलं तात्पुरतं बांधकाम तिसरी पिढी वापरते, हे वाक्य मी त्यांच्याच तोंडून ऐकलं होतं. त्याही हसल्या, पण लगेच आत निघून गेल्या.

सर त्या पडवीत जवळजवळ दोन वर्षं होते. पलंग, उशाशी रेडिओ, भिंतीवर जगाचा नकाशा. तिथेच ते गेले. त्यानंतर मॅडमनी पडवीला अर्धी भिंत घातली, वर सरकत्या काचा लावल्या, आतून पडदे ओढले. धूळ येते, सरांच्या वस्तू खराब होतात, असं कारण सांगितलं. पलंगावरची चादरसुद्धा तशीच राहिली. मॅडम संध्याकाळी कोर्टातून आल्या की बूट काढून तिथे जाऊन बसायच्या. आम्ही कोणी तो विषय काढला नाही.

आणि मग त्यांना नोटीस आली. सामासिक अंतरात अनधिकृत बांधकाम, ते काढून टाकावे. तक्रार शेजारच्या देवरेंची.

देवरे मूळचे सटाण्याकडचे, एकलहऱ्याच्या वीज केंद्रात नोकरी करून निवृत्त झालेले. बायको आधीच गेलेली, मुलगा परदेशी. गल्लीत कधी कोणाशी वाकडं बोलले नव्हते. मॅडमची मुलगी पुण्याहून फोनवर रडली, आई स्टे घे, बाबांची खोली आहे ती. मीही तेच म्हणालो. स्टे मिळाला असता, तारखा पडत राहिल्या असत्या आणि मॅडमच्या हयातीत त्या काचेला कोणी हात लावला नसता. हे माझ्यापेक्षा त्यांना जास्त ठाऊक होतं.

त्या नोटीस हातात घेऊन पडवीतच बसल्या होत्या.

"मला ही खोली हवी आहे," त्या म्हणाल्या. "कायदा काय म्हणतो ते मला सांगू नका. मला हवी आहे."

"मग अर्ज करू या."

"करू. पण आधी तुम्ही देवरेंकडे चहा पिऊन या."

"तुम्हीच चला ना."

"मी पक्षकार आहे. पक्षकाराला समोरच्याचा चहा कडूच लागतो. तुम्ही जा, आणि विचारा खरं कशावरून आहे. मी खूप आठवून पाहिलं. मला सापडत नाही."

मी गेलो. देवरेंनी चहा स्वतः केला, भरपूर गोड. मला घेऊन ते बाजूच्या ओट्यावर बसले. समोर कुंपणाची कमरेएवढी भिंत आणि तिच्यापलीकडे, हात लांब केला तर लागेल इतक्या जवळ, मॅडमच्या पडवीच्या बंद काचा. काचांत आम्हा दोघांचीच तोंडं दिसत होती.

"इथं मी बसायचो," देवरे म्हणाले. "तिथं पलंगावर सर. मधी ही भिंत. सकाळच्या बातम्या लागल्या की सर रेडिओ मोठा करायचे, मला ऐकू यावा म्हणून. बातम्या झाल्या की मंग आमचं सुरू. सरांना नीट बोलता येत नव्हतं, पण मला कळायचं. कुठला देश आला की ते नकाशावर काठी लावून दाखवायचे. लय देश पाहिले मी ह्या ओट्यावर बसून."

"मग तक्रार कशी केलीत?"

"सर गेले. मंग काचा लागल्या, पडदा लागला. मी मॅडमला फाटकात गाठलं. म्हटलं, मॅडम, एक खिडकी तरी उघडी राहू द्या. त्या घाईत होत्या. म्हणाल्या, काय असेल ते लेखी द्या."

"आणि तुम्ही दिलंत."

"दिलं ना. मी एकलहऱ्याला जन्म काढला भाऊ. तिथं तोंडी सांगितलं तर बल्ब बी बदलत नाय. अन् वकिलाला लेखी द्यायचं म्हणजे मला वाटलं कायद्याप्रमाणं, पालिकेच्या ऑफिसातच द्यायला पाहिजे. तिथल्या माणसानं विचारलं, बांधकामाला परवानगी हाय का? म्हटलं, मला नाय माहीत. त्यानं लिहून घेतलं." त्यांनी कप खाली ठेवला. "मला पाडायचं नव्हतं काही. बातम्या आता मोबाइलवर बी येतात. पण मंग बोलायचं कोणाशी? तो मना दोस्त व्हता."

शेवटचं वाक्य त्यांच्या तोंडून सटाण्याकडच्या अहिराणी बोलीत आलं. मी आणखी एक कप चहा मागितला.

मॅडमना हे सगळं जसंच्या तसं सांगितलं. लेखी द्या म्हटल्याचं त्यांना आठवतच नव्हतं. "मी म्हणाले असेन," एवढंच म्हणाल्या. मग मान कलती करून माझ्याकडे बघत राहिल्या.

"रेडिओ कोणासाठी मोठा करायचे म्हणालात?"

"देवरेंसाठी."

त्यांनी डोळ्यांना पदर लावला. रडत होत्या, आणि मधेच हसतही होत्या. "अहो, मला वाटायचं यांना ऐकू कमी येतंय. मी रोज स्वयंपाकघरातून येऊन आवाज कमी करायचे. हे परत वाढवायचे. मी परत कमी करायचे. दोन वर्षं भांडले मी त्या आवाजावरून. त्यांना धड सांगता येत नव्हतं, आणि मी तर इतक्या जणांच्या घरी जाऊन विचारत फिरत होते, खरं कशावरून आहे म्हणून."

पडवीत जाऊन सरांच्या उशाचा रेडिओ त्यांनी उचलला, पदराने पुसला आणि मांडीवर ठेवून बसून राहिल्या. मी निघालो तेव्हाही तशाच बसल्या होत्या.

आम्ही स्टेचा अर्ज केला नाही. पुढच्या रविवारी मॅडमनी मला टेप घेऊन बोलावलं. एक टोक स्वतः घेतलं, घराच्या भिंतीला टेकवलं. दुसरं टोक देवरेंच्या हातात. देवरे कावरेबावरे झाले होते. "मॅडम, राहू द्या ना. मी तक्रार मागं घेतो. लेखी देतो."

"ताठ धरा, देवरे," मॅडम म्हणाल्या. "आर्किटेक्ट, वाचा."

मी वाचलं. नियमाने हवी तेवढी जागा मूळच्या घराने सोडलेली होती. पडवीने ती सगळी खाल्ली होती. सोमवारी माणसं आली आणि त्यांनी काचा, भिंत, पत्रा काढला. सरांचा पलंग मॅडमनी एका रुग्णसेवा करणाऱ्या संस्थेला दिला. नकाशा देवरेंना दिला. पाडकाम चालू होतं तेव्हा त्या समोरच उभ्या होत्या, बूट घालून. मला वाटलं होतं की त्या कोर्टात निघून जातील.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते त्यानंतर महिनाभराने. बांधकाम काढल्याचा नकाशा पालिकेत द्यायचा होता, त्यावर त्यांची सही घ्यायला सकाळीच गेलो. फाटकातून बाजूला वळलो तर मोकळ्या मार्जिनमध्ये त्या वेताच्या खुर्चीवर बसलेल्या. फरशीवर पलंगाच्या पायांचे डाग अजून दिसत होते, त्यांच्या मधोमध खुर्ची. कुंपणाच्या भिंतीवर रेडिओ, पलीकडे ओट्यावर देवरे, त्यांच्या मागच्या भिंतीवर जगाचा नकाशा. बातम्या लागायच्या होत्या.

देवरेंनी भिंतीवरून स्टीलच्या पेल्यात चहा दिला. मॅडमनी घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं. "किती गोड करता हो. हे कसे पीत असतील?"

"सर दोन कप घ्यायचे," देवरे म्हणाले.

"मला कधी सांगितलं नाही त्यांनी," मॅडम म्हणाल्या आणि पेला संपवला.

मी सहीसाठी नकाशा पुढे केला आणि जरा चेष्टा करावी म्हणून म्हटलं, "मॅडम, मार्जिनमध्ये ही खुर्ची दिसतेय. नकाशात दाखवायची का?"

"खुर्चीला परवानगी लागत नाही," त्या म्हणाल्या आणि सही केली.

मी नकाशा गुंडाळून निघालो. मागे बातम्या सुरू झाल्या. फाटकाची कडी लावताना वळून पाहिलं, तर मॅडम खुर्चीतून अर्धवट उठल्या होत्या आणि रेडिओचा आवाज वाढवत होत्या.